उदेलालचं बसणं

हिवरटोल्यात कोणी ‘उदेलाल बसला’ असं म्हटलं, की ऐकणारा ‘कुठं?’ एवढंच विचारतो. का बसला, हे विचारायची गरज पडत नाही. गोंदियाहून मुर्री गाव ओलांडून आठ किलोमीटर आत गेलं की हे गाव लागतं, आणि या गावात गेली तीस वर्षं उदेलाल पटले भांडणाच्या जागी जाऊन बसतो. भांडणारे समजुतीवर येईपर्यंत अन्नाला शिवत नाही. पाणी पितो, कोणी बोललं तर बोलतो, नाहीतर गुडघ्यांना मिठी मारून गप्प असतो. भाषण नाही, घोषणा नाही, समोरच्याला दोष देणं तर नाहीच नाही.

पहिल्यांदा तो बसला तो शेताच्या धुऱ्यावर. दोन चुलतभावांच्या धानाच्या बांध्या, मधे मातीचा बांध, म्हणजेच धुरा, आणि तो धुरा दर साली वीतभर सरकतो असा एकाचा आरोप. आरोप खरा होता, सगळ्या गावाला माहीत होता, आणि म्हणूनच कोणी तोंड उघडत नव्हतं. धान निसवला होता त्या दिवसांत दोघंही कुऱ्हाडी घेऊन समोरासमोर उभे राहिले. उदेलाल तेव्हा अडतीसचा, तीन एकरांचा साधा शेतकरी. त्याने चपला काढल्या आणि दोघांच्या मधोमध चिखलात मांडी ठोकली. दोन दिवस तो उठला नाही. तिसऱ्या सकाळी दोन्ही घरच्या बायकाच आपापल्या नवऱ्यांवर उलटल्या, की हा माणूस इथं मेला तर त्याचं पाप आपल्या लेकरांना लागेल. दुपारी दोरी टाकून धुरा मोजला गेला, सरकवलेला परत जागेवर आला, आणि उदेलाल घरी जाऊन पातळ पेज प्याला. त्याला त्या दिवशी फार बरं वाटलं. रक्ताचा एक थेंब न सांडता एवढं मोठं काम होतं, आणि ते आपल्याकडून होतं, ही गोष्ट त्याच्या डोक्यात चढली म्हटलं तरी चालेल.

पुढे तीन हिवाळे तो चिचगडकडच्या जंगलगावांत फिरला. तिकडे रात्री एक बंदूकवाले येत आणि दिवसा दुसरे, आणि दोघांनाही गावकऱ्यांकडून तांदूळ आणि बातमी हवी असे. उदेलाल आणि आणखी चार-पाच जण हातात काहीही न घेता गावोगाव पायी जात, लोकांजवळ बसत, जेवणाची वेळ झाली की जे असेल ते खात. एकदा त्याला झाडाला बांधून दिवसभर विचारपूस केली गेली, एकदा दुसऱ्यांनी ठाण्यात बसवून तेच प्रश्न विचारले. तो दोन्हीकडे एकच उत्तर देत राहिला, की मी कोणाच्याच बाजूने नाही, मारण्याच्या विरुद्ध आहे. त्या फिरण्याने त्याचं नाव झालं. आणि गावात तंटामुक्त समिती आली तेव्हा अध्यक्ष कोण, यावर ग्रामसभेत पाच मिनिटंसुद्धा चर्चा झाली नाही.

मग सत्कार सुरू झाले. शाल आणि नारळ, शाल आणि नारळ. अनुसयाबाई, त्याची बायको, शालींची घडी न मोडता त्या संदुकीत टाकायची आणि जागा उरली नाही तेव्हा तिने सरळ धानाच्या पोत्यांवर त्या पसरायला सुरुवात केली. उंदरांनी त्या कुरतडल्या. ‘शांतिदूत’ असं जरीने विणलेली एक शाल म्हशीच्या गोठ्यात वाऱ्याला आडोसा म्हणून लटकलेली पाहून उदेलाल एकदा चिडला होता. आता तो तिच्याकडे पाहत नाही. आता त्याला त्या शब्दाचीच शिसारी येते, आणि ती कधीपासून येते हे त्याला नेमकं ठाऊक आहे.

सहा वर्षांपूर्वीची गोष्ट. गावातल्या दुधरामची मुलगी भूमेश्वरी तेव्हा वीस वर्षांची, गोंदियाला कॉलेजात जायची. शेजारच्या गावातल्या चुन्नीलालचा मुलगा ओमेश्वर रोज मोटारसायकल घेऊन तिच्या बसच्या मागे जायचा, स्टॉपवर उभा राहायचा, कॉलेजच्या फाटकाशी उभा राहायचा. तिने बापाला सांगितलं. दुधरामच्या भावांनी ओमेश्वरला रस्त्यात धरून चोपलं. चुन्नीलालची माणसं ट्रॅक्टर भरून, काठ्या घेऊन आली. एका पोराच्या लोचटपणाचं दोन खानदानांचं भांडण झालं, आणि तंटामुक्त गावाचा फलक नुकताच रंगवून घेतलेला.

आता आपल्याकडे समित्यांना एक सवय लागली आहे. पोरगा-पोरगीचं काही प्रकरण आलं की ते प्रेमप्रकरण धरायचं, ग्रामपंचायतीसमोर दोन हार मागवायचे, लग्न लावून द्यायचं आणि पेपरात फोटो छापून आणायचा. घरातून पळालेल्या कितीतरी जोड्यांचं यात भलं झालं, हे खरं आहे. उदेलालने स्वतः अशी अकरा लग्नं लावली होती आणि त्यातली दहा सुखाची होती. पण इथं प्रेम होतंच कुठे? एक तक्रार होती. ज्या पोरीने तक्रार केली तिला त्याच पोराच्या गळ्यात बांधायचं, असं समितीने ठरवलं आणि कोणाला त्यात काही चुकीचं दिसलं नाही. दुधरामला दिसलं नाही, कारण पोरीचं नाव गावभर झालं होतं. चुन्नीलालला दिसलं नाही, कारण त्याच्या मुलाला हवं ते मिळत होतं. भूमेश्वरीला दिसलं. ती नाही म्हणाली.

आणि उदेलाल बसला. दुधरामच्या अंगणात, तुळशीच्या ओट्याला पाठ लावून. काठ्या खाली ठेवा आणि लग्नाला हो म्हणा, नाहीतर मी उठत नाही. त्याला त्या दोन दिवसांतलं सगळं आठवतं. पहिल्या संध्याकाळी भूमेश्वरी बाहेर येऊन ‘मले नाही करायचं, काका’ म्हणाली. दुसऱ्या सकाळी पुन्हा तेच म्हणाली. दुपारी तिसऱ्यांदा म्हणाली, तेव्हा रडत होती, आणि अंगणात पन्नास माणसं होती. त्यांतल्या बायका तिला म्हणत होत्या, की म्हातारा माणूस तुझ्यापायी जीव देऊन राहिला, तुझ्या छातीत काळीज आहे की दगड. संध्याकाळी तिने मान हलवली. हार आले, टाळ्या वाजल्या, फोटो छापून आला. उदेलाल पेज प्याला. त्या पेजेची चव त्याला आवडली होती, आणि आता हे आठवलं की त्याला स्वतःची किळस येते.

पुढे काय झालं ते सांगायला फार लागत नाही. तिसऱ्या वर्षी दिवाळीनंतरच्या मंडईच्या जत्रेत ती त्याला दिसली, पदर गालावरून ओढून घेतलेला. ‘बरं हाय ना माय?’ असं विचारून तिने उत्तर द्यायच्या आत तो पुढच्या दुकानाकडे वळला. चौथ्या वर्षी ती माहेरी आली तेव्हा समितीने ओमेश्वरकडून ‘यापुढे हात उचलणार नाही’ असं लिहून घेतलं आणि तिला परत पाठवलं. साक्षीदार म्हणून खाली सही उदेलालची. यंदा आली ती डाव्या हाताची दोन बोटं कायमची वाकडी घेऊन आली, सोबत चार वर्षांची मुलगी, आणि आल्याच्या दुसऱ्या दिवशी कोणालाही न विचारता तिने ठाण्यात तक्रार दिली.

शुक्रवारी तंटामुक्त गावाच्या बक्षिसासाठी तालुक्याची पाहणी समिती गावात येणार होती. मंगळवारी सकाळी सरपंच हेमेंद्र उदेलालच्या ओसरीवर आला. पस्तिशीचा, इस्त्रीचा शर्ट, आणि बोलताना नजर सतत मोबाइलवर.

“काका, गावात एकच केस पेंडिंग हाय,” तो म्हणाला. “बाकी सब क्लियर. तुमी एकदा बसून जा. पोरगी तक्रार वापस घेते, सासरी जाते, मामला खतम.”

“तिची बोटं पाहिली का तू?”

“पाहिलो ना. म्हणून तं म्हणतो, समजुतीनं मिटवा. चुन्नीलालभाऊचे लोक काठ्या काढून ठेवले हायेत. हिकडे दुधरामचे भाऊ काही बांगड्या भरून नाही बसले. शुक्रवारच्या आंधी डोके फुटले तं कोनाले पाहिजे?”

हेमेंद्र खोटं बोलत नव्हता, हीच अडचण होती. मागच्या आठवड्यात चुन्नीलालचा ट्रॅक्टर येऊन गेला होता. उदेलालने आयुष्यभर दुसरं काही केलं नव्हतं, काठी उचलणाऱ्या दोन हातांच्या मधे बसणं एवढंच त्याला येत होतं. तो बसला नाही आणि उद्या एखादा मेला, तर? तो येतो म्हणाला. हेमेंद्र गेल्यावर अंगणात खर्ऱ्याची, त्या सुपारी-तंबाखूची लाल पिचकारी राहिली.

अनुसयाबाई तांदूळ पाखडत होती. तिने सगळं ऐकलं होतं.

“तुमी जाऊन राहिले का?”

“नाही गेलो तं मारामारी होईल.”

“तुमी बसले तंही होईल,” ती सूप न थांबवता म्हणाली. “फक्त ते तिच्या घरात होईल, दार लावून. तुमचा उपास म्हणजे बिना काठीचा मार होय. अना तो तुमी भांडनाऱ्याले नाही मारत, जो नरम असंल त्याले मारता.”

उदेलालला राग आला, आणि त्या रागाची त्याला लाज वाटली, कारण गेली दोन वर्षं तो हेच वाक्य स्वतःला सांगायचं टाळत होता. तरीही तो गेला. सवयीचं काय सांगावं, पाय आपोआप चालत होते.

दुधरामच्या अंगणात सतरंजी आधीच अंथरली होती. तिच्यामागे दोन बांबूंना बॅनर बांधला होता आणि बॅनरवर उदेलालचा हात जोडलेला फोटो, माणसापेक्षा मोठा. त्या फोटोतलं गोड हसू पाहून त्याला वाटलं, या चेहऱ्यावर कोणीतरी शेण फासावं. त्याच ओट्याजवळ, त्याच जागी तो बसला. गाव जमलं होतं. एका बाजूला चुन्नीलाल खुर्चीवर, पांढऱ्या धोतरात, जणू याच्याच घरचं कार्य. दुसऱ्या बाजूला दुधराम मान खाली घालून. भूमेश्वरी दारात उभी होती, मुलीला कडेवर घेऊन. ती रडत नव्हती. ती उदेलालकडे पाहत होती, आणि त्या पाहण्यात तिरस्कारही नव्हता, फक्त थकवा होता. हा माणूस आता काय करणार हे तिला पाठ होतं.

हेमेंद्रने बोलायला सुरुवात केली. गावाची परंपरा, काकांचा त्याग, पोरीने मोठेपणा दाखवावा, संसार म्हटला की भांड्याला भांडं लागायचंच. उदेलाल ऐकत होता आणि एकेका शब्दाने त्याच्या अंगावर काटा येत होता. हे सगळे शब्द त्याचेच होते. तीस वर्षांत त्याने अंगणा-अंगणांतून पेरलेले. दुसऱ्याच्या तोंडून ऐकल्यावर ते एवढे बुळबुळीत लागतात, हे त्याला माहीत नव्हतं.

बॅनरच्या मागे, अगदी त्याच्या पाठीशी, ओमेश्वर त्याच्या दोन दोस्तांबरोबर उभा होता. आपण दिसत नाही म्हणजे आपलं ऐकूही जात नाही, असं त्याला वाटलं असावं.

“कवा नेतो मंग वहिनीले?” एकाने विचारलं.

“परवा संध्याकारी. गाडी सांगून ठेवलो,” ओमेश्वर खर्रा चोळत म्हणाला. “बुढ्याले दोन दिवस लागते. मागच्या टायमालेबी दोनच लागले होते.”

ते तिघं हसले. मोठ्याने नाही, सहज. एखादं यंत्र किती वेळात किती काम करतं हे ठाऊक असलेल्या माणसांसारखे.

उदेलालने ते ऐकलं. त्याची भूक. जिच्या जोरावर त्याने कुऱ्हाडी खाली ठेवायला लावल्या, जिच्यापुढे मोठमोठे अडेल लोक नमले, ती त्याची भूक या पोराने हिशेबात धरली होती, गाडी सांगताना धरतात तशी. परवा संध्याकाळ. आणि हिशेब बरोबर होता. दोन दिवसांत बायका भूमेश्वरीला टोचायला लागल्या असत्या, दुधराम तिच्या पाया पडला असता, आणि परवा संध्याकाळी ती मुलीला घेऊन गाडीत बसली असती. उदेलाल घरी जाऊन पेज प्याला असता.

त्याने हेमेंद्रचं बोलणं संपू दिलं नाही. दाराकडे वळून तो भूमेश्वरीच्या आईला म्हणाला, “मुन्नीबाई, भात शिजला का?”

मुन्नीबाई गोंधळली. “हो भाऊ. कायले?”

“मले वाढ.”

अंगणात आधी कोणाला कळलंच नाही. मग कुजबुज सुरू झाली. एक म्हातारी म्हणाली, उन्हाने चक्कर आली असेल. हेमेंद्र खाली वाकून त्याच्या कानाशी बोलला, “काका, पानी चालते ना. भात नोका खाऊ. लोक पाहून राहिले.”

“त्यायले दिसू दे,” उदेलाल म्हणाला.

मुन्नीबाई जागची हलली नाही. तिने लेकीकडे पाहिलं. भूमेश्वरीने मुलीला खाली उतरवलं, आत गेली आणि स्टीलच्या ताटात भात आणि लाखोरी डाळीचं वरण घेऊन बाहेर आली. वाकड्या बोटांमुळे तिला ताट उजव्या हाताने एकाच बाजूला धरावं लागलं. ते तिने त्याच्यासमोर सतरंजीवर ठेवलं. उदेलालने भात कालवला आणि पन्नास-साठ माणसांसमोर, स्वतःच्या फोटोखाली, पहिला घास तोंडात घातला.

चुन्नीलाल खुर्चीतून उठला. “हे काय लावलं रे उदेलाल? बसाले आलता का जेवाले?”

“जेवाले.”

“मंग आता डोके फुटले तं तुया माथी.”

“हेमेंद्र, ठाण्यात फोन लाव,” उदेलाल घास गिळून म्हणाला. “सांग का ट्रॅक्टरवाले काठ्या घेऊन येनार हायेत. नाव सांग.”

हेमेंद्रने मोबाइल खिशात घातला. ठाण्यात फोन म्हणजे आणखी एक केस, आणि शुक्रवार तीन दिवसांवर आलेला. चुन्नीलालने ते पाहिलं आणि त्याला धीर आला. तो गावाकडे वळून, सगळ्यांना ऐकू जाईल असा बोलायला लागला.

“तवा कोन लग्न लावलं? यानंच. पोरगी राजी हाय, असं कोन सांगलं होतं माइकवर? यानंच. राजीखुशीचं लग्न होतं, पेपरात फोटो हाय. आता पोरगी नखरे करून राहिली तं हा भात खाऊन राहिला. इचारा त्याले, राजी होती का नोयती.”

सगळे उदेलालकडे पाहायला लागले. दुधरामनेही मान वर केली. उत्तर सोपं होतं आणि सगळ्यांना सोयीचं होतं. पोरीने मान हलवली होती, ती सगळ्यांनी पाहिली होती, आणि त्या हललेल्या मानेवर उदेलालचं उरलेलं नाव उभं होतं. अकरा लग्नं, तीस वर्षं, चिचगडची पायपीट, सगळंच. त्याने ताटातल्या हाताकडे पाहिलं. बोटांना भात चिकटला होता.

“राजी नोयती,” तो म्हणाला. “तीन डाव नाही म्हनली. एक डाव संध्याकारी, एक सकारी, एक दुपारी. मी आयकलो होतो. अना आयकूनही बसून राहिलो.”

ज्या बायका सहा वर्षांपूर्वी काळीज की दगड म्हणाल्या होत्या, त्यांच्यातल्या दोघी हळूच मागे सरकल्या. दुधरामने तोंडावर हात धरला. चुन्नीलाल काहीतरी म्हणाला, पण ते त्याच्याच माणसांना नीट ऐकू गेलं नाही. बॅनरमागून मोटारसायकल सुरू झाल्याचा आवाज आला.

उदेलालला पुढे बोलायचं होतं. माफी हा शब्द त्याच्या तोंडाशी आला होता आणि तो त्याला भातासारखाच जड झाला होता. “भूमेश्वरी, माय,” तो म्हणाला, “मले…”

“माफी नोका मांगू,” ती म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. “मले ते आयकाचं नाही. उद्या दहाच्या बसनं मी ठाण्यात जातो. आत्ता जे बोलले ते तिथं लिहून देजा. तीन डाव म्हनली, असंच लिहजा.”

“देतो.”

“सही करजा.”

“करतो.”

तो ताट बाजूला सारून उठायला लागला. गुडघ्याला हात टेकून अर्धा उठलाही. पोटात काही राहील असं त्याला वाटत नव्हतं, कुठेतरी आडोशाला जाऊन ओकून टाकावं असं वाटत होतं. भूमेश्वरी आत जाऊन पातेलं घेऊन आली. न विचारता तिने त्याच्या ताटात आणखी दोन पळ्या भात टाकला, वर वरण ओतलं.

“बसा,” ती म्हणाली. “पुरं जेवा.”

उदेलाल बसला. घास उतरत नव्हते. प्रत्येक घासाला पाणी लागत होतं आणि तरी तो तोंडातल्या तोंडात फिरत राहायचा. लोक एकेक करून निघाले, हेमेंद्र बॅनर सोडवून गुंडाळून घेऊन गेला, ऊन ओट्यावरून सतरंजीवर आलं. भूमेश्वरी पातेलं हातात धरून त्याच्यासमोर उभी होती, आणि ताट साफ होईपर्यंत ती हलली नाही.